लगाम हाती देईपर्यंत

व्याही ठरल्या वेळेच्या आधी आले आणि दादा ठरल्या वेळेनंतर बऱ्याच उशिरा. माईने दोघांच्या स्वभावाबद्दल आजवर जे काही ऐकलं-पाहिलं होतं, ते सगळं एवढ्यात आलं. व्याही, म्हणजे थोरल्या मुलीचे सासरे, पेन्शन कचेरीत डोक्यावरचे केस जाईपर्यंत नोकरी करून निवृत्त झालेले. दुसऱ्याच्या घरातही ते चपला जोडीने, भिंतीला समांतर काढून ठेवत. दादा म्हणजे माईचा थोरला भाऊ, तीन गोदामांचा मालक. तो जिन्यावरूनच बोलायला सुरुवात करायचा आणि दार उघडेपर्यंत त्याची निम्मी गोष्ट सांगून झालेली असायची.

आजचं जेवण माईच्या नवऱ्याच्या, फौजदारांच्या, निवृत्तीचं. महिनाअखेरीला नोकरी संपायची होती आणि त्यानंतर लवकरच पोलीस वसाहतीतलं हे दुसऱ्या मजल्यावरचं घरही सोडायचं होतं. जेवणाचं टेबल सहा माणसांना पुरेना, म्हणून धाकट्या मुलाने त्याला इस्त्रीचं टेबल जोडलं होतं. दोन्हींवर एकच चादर टाकली तरी मधली पायरी लपत नव्हती. माईने दादाची खुर्ची बरोबर त्या पायरीपासून लांब ठेवली. बोलताना तो हात उडवतो आणि मग पेले उडतात, हा घरातला जुना अनुभव होता.

"आई, तुझं आज लक्ष नाहीये," थोरली म्हणाली. ती स्वयंपाकघरात काकडी चिरत होती. "मीठ दोनदा घातलंस."

माईने दार ओढून घेतलं. बाहेर व्याही आणि फौजदार पावसापाण्याच्या गप्पा मारत होते. म्हणजे व्याही बोलत होते आणि फौजदार "हो ना" म्हणत होते.

"ऐक. बाबांचा पेन्शनचा कागद परत आलाय."

"का?"

"आधीची बारा वर्षं धरायला ते तयार नाहीत. बंदर पोलिसांतली. तिथून बदली होऊन हे शहर पोलिसांत आले ना, त्या दोन्हींच्या मध्ये काही दिवस रिकामे दिसतायत. तिथे सुटले एका तारखेला, इथे रुजू झाले आठवड्यानंतर. मधल्या दिवसांत कुठे होतात, असं विचारलंय. नीट उत्तर मिळालं नाही तर नोकरी तुटली असं धरणार. म्हणजे आधीचं सगळं पाण्यात."

थोरलीची सुरी थांबली. "आणि मग ते बाहेरचं घर?"

माईने मिठाचा डबा झाकून ठेवला. शहराबाहेर, बस वळते त्या जागी दोन खोल्यांचं एक घर त्यांनी पाहून ठेवलं होतं. मागे थोडी मोकळी जमीन होती. पोलीस वसाहतीच्या गॅलरीत डब्यांत टोमॅटो लावून लावून माईची उमर गेली होती. एकदा तरी जमिनीत लावावेत एवढीच तिची हौस होती. पूर्ण पेन्शन आली तर ते घर झेपणार होतं. नाही आली तर दादाच्या गोदामावरच्या खोल्या होत्या, आणि दादाच्या गोदामाला एक फाटकही होतं.

"बाबा काय म्हणतात?"

"काय म्हणणार? 'खासगी काम' असं लिहून पाठवतो म्हणाले."

"म्हणजे आपल्या हाताने फास लावून घेतायत." थोरलीने आवाज खाली आणला. "व्याही बाहेर बसलेत, त्यांना विचारू या ना."

"म्हणूनच तर त्यांना मुद्दाम बोलावलंय. पण आधी मामाला गप्प ठेवायला हवं. तो ती गोष्ट सांगणार."

थोरलीला हसू आलं. ती गोष्ट घरातल्या प्रत्येकाला पाठ होती. पहिली बदली झाली तेव्हा बाबा प्रेमात वेडे झाले होते, जुनी नोकरी सुटली आणि नवी धरायची विसरून रोज संध्याकाळी आईच्या दारात उभे राहायचे, अशी ती गोष्ट. मामाने ती थोरलीच्या लग्नात सांगितली होती, धाकटा पास झाला तेव्हा सांगितली होती, आणि एकदा तर एका प्रेतयात्रेहून परत येतानाही सांगितली होती.

तेवढ्यात जिन्यावरून दादाचा आवाज आला आणि गप्प ठेवण्याचा बेत तिथेच संपला.

दादाच्या हातात एक खोकं होतं. त्याने ते थेट इस्त्रीच्या टेबलावर ठेवून उघडलं. आत एक कोरी करकरीत निळी टोपी होती, पुढे पितळी बिल्ला लावलेली.

"फौजदारसाहेब, ही तुमची. सुरक्षा प्रमुख, मुख्य गोदाम. वर दोन खोल्या फुकट. निवृत्तीच्या दुसऱ्या दिवसापासून रुजू व्हा. आपलीच माणसं, आपलंच फाटक."

फौजदारांनी टोपी हातात घेतली, आतली पट्टी बघितली आणि खोक्यात परत ठेवली. "छान आहे," ते म्हणाले. साठीला टेकलेला हा उंच माणूस रागावला की कमी बोलायचा आणि खूष असला तरी कमीच बोलायचा. फरक फक्त माईला कळायचा. आज तो रागावलेला नव्हता, त्याला लाज वाटत होती, आणि तेच माईच्या जिवाला लागलं.

जेवण सुरू झालं. पहिले चार घास व्याह्यांनी स्वयंपाकाची तारीफ केली, तीही मुद्देसूद. मग धाकट्याने नको तिथे तोंड उघडलं.

"मामा, फाटकावर बाबा वेळेवर येतील ना? नाहीतर पुन्हा कुणाच्या तरी दारात उभे राहायचे."

झालं. दादाने हात पुसले. "व्याहीबुवा, तुम्हाला ती गोष्ट माहीत आहे की नाही?"

"दादा, भाजी घे," माई म्हणाली.

"घेतो गं. तर व्याहीबुवा, हा माणूस आमच्या बंदर पोलिसांच्या घोडदळात होता. धक्क्यावर घोडीवरून गस्त घालायचा. शहर पोलिसांत बदली झाली. इकडून सुटला, आता तिकडे हजर व्हायचं. झाला? नाही. गायब. आठवडाभर नोकरीचा पत्ता नाही. आणि रोज संध्याकाळी कुठे? आमच्या दारात. कशासाठी? तर आमच्या माईला बघायला." दादाने हात उडवला, पण पेला लांब होता. "नोकरी गेली तरी चालेल म्हणाला."

सगळे हसले. व्याही हसले नाहीत. त्यांचा घास हातातच राहिला होता.

"गायब म्हणजे? रजा घेऊन?"

"कसली रजा. प्रेमात रजा घेतात का कुणी?"

व्याह्यांनी घास ताटात ठेवला. "विहीणबाई, पेन्शन मंजूर झाली का हो ह्यांची?"

आता लपवण्यात अर्थ नव्हता. ताकाला जाऊन भांडं किती वेळ लपवायचं. माईने कागद परत आल्याचं सांगून टाकलं. टेबलावरचं हसू हळूहळू ओसरलं आणि धाकट्याने आपलं ताट उगाचच जरा पुढे ओढलं.

"इथेच तर घोडं पेंड खातं," व्याही म्हणाले. त्यांचा आवाज एकदम कचेरीतला झाला. "एका दलातून दुसऱ्या दलात हुकमाने बदली झाली तर नोकरी सलग धरतात. प्रवासाचे, सामान हलवायचे दिवसही धरतात. पण परवानगी नसताना माणूस स्वतःच्या मर्जीने मधे थांबला, तर धागा तुटतो. मग नवी नोकरी पहिल्या दिवसापासून मोजायची. माफ करा, पण मी खुर्चीत असतो तर मलाही लाल शेरा मारावा लागला असता."

"एवढंच ना," धाकटा म्हणाला. "आजारी होते म्हणून दाखला आणू. माझ्या मित्राचे वडील डॉक्टर आहेत."

"धाकट्या," फौजदार म्हणाले. त्यांनी फक्त नाव घेतलं, तरी धाकट्याचे कान लाल झाले.

थोरलीने भावाची बाजू घेतली. हे क्वचितच व्हायचं. "पण बाबा, तुम्ही कुणाला लुबाडत नाही आहात. बारा वर्षं उन्हातान्हात गस्त घातलीत."

"खोटा दाखला दिसला तर बाराच काय, पुढचीही वर्षं जातील," व्याह्यांनी सुनेला सुनावलं. थोरलीने सासऱ्यांकडे असं पाहिलं, की रात्री घरी गेल्यावर त्यांना चहा नक्की गार मिळणार होता.

"अरे, कशाला डोकी फोडताय," दादा म्हणाला. "माझं फाटक आहे ना? मी आहे ना? पेन्शन गेली खड्ड्यात." तो मनापासून बोलत होता. दादा खोटा माणूस नव्हता. वडील गेल्यावर माईला त्यानेच वाढवलं होतं, थोरलीच्या लग्नात मांडवभर राबला होता. फक्त स्वतःचा मोठेपणा त्याला जरा सैल मापाचा लागायचा.

फौजदार उठून खिडकीशी गेले. खाली वसाहतीच्या आवारात कुणीतरी मोटारसायकल धूत होतं. त्यांनी पाठमोरं राहूनच सांगितलं, "खासगी काम होतं असंच लिहीन. जे होईल ते होईल."

माईने त्यांच्या पाठीकडे पाहिलं. सगळं आयुष्य ज्या पाठीवर तिने शर्टाची इस्त्री तपासली, ती आज थोडी वाकल्यासारखी दिसली. आणि तिच्या मनात आलं, की झाकली मूठ आता पुरे झाली.

कारण माईला खरं काय ते ठाऊक होतं. पहिल्यापासून.

त्या आठवड्यात फौजदार प्रेमात वगैरे नव्हते. त्यांच्या जागी घोडदळात दादाची नेमणूक झाली होती. आठवडाभर दारात येऊन ते जे विचारत होते, ते एवढंच होतं: "तुमचे बंधू आले का?" आणि तिने, घरच्यांनी पढवल्याप्रमाणे, रोज सांगितलं होतं, "कामावर गेलेत." त्यांच्या कोपरांना गवताच्या काड्या चिकटलेल्या असत आणि अंगाला तबेल्याचा वास. रिकाम्या माणसाच्या कोपरांना गवत चिकटत नाही, एवढं तिला तेव्हाही कळत होतं. पण पुढे लग्न झालं, दादाने ती गोष्ट रचली, ह्यांनी ती मुकाट्याने मान्य केली, आणि एखाद्या बाईसाठी पुरुषाने नोकरीवर पाणी सोडावं ही गोष्ट ऐकायला काही वाईट नव्हती. तिने ती गोड मानून घेतली. पण तिच्यापायी बारा वर्षं आणि टोमॅटोची जमीन जावी, एवढी काही ती गोड नव्हती.

ती पाण्याचा जग घेऊन आत गेली. "दादा, जरा ये रे. झाकण निघत नाहीये."

दादा आला. कुठलंही झाकण अडकलेलं नाही हे पाहून तो दारातच थबकला. खाई त्याला खवखवे.

"त्या आठवड्यात तू मावशीकडे होतास," माई म्हणाली.

"कुठल्या आठवड्यात?"

"दादा."

त्याने मागे वळून पाहिलं, मग दार लावून घेतलं. तीन गोदामांचा मालक बहिणीच्या स्वयंपाकघरात उभा राहून बोटातली अंगठी फिरवायला लागला. "तुला कधीपासून माहीत आहे?"

"मीच तर तुझे कपडे बांधून दिले होते. मावशीला निरोपही मीच धाडला."

"मग आत्तापर्यंत बोलली का नाहीस?"

"तुझी शोभा होऊ नये म्हणून. आणि हेही बोलले नाहीत, तेही तुझ्यासाठीच. तुझ्या कामावर न येण्याची बोंब झाली असती तर तुझी नोकरी गेली असती. ह्यांनी ते दिवस आपल्या अंगावर घेतले. आता तेच अंगावर आलेत."

दादाची अंगठी फिरायची थांबली. बाहेर धाकटा व्याह्यांना काहीतरी विचारत होता आणि ते "नाही, नाही" म्हणत होते.

"अगं, माझा तो फोटो आहे कचेरीत. घोडीवर बसलेला. गिऱ्हाइकं बघतात."

"त्या फोटोत कडेला लगाम धरलेला एक हात दिसतो. कुणाचा आहे तो?"

"फौजदारांचा," दादा अंगठीकडे बघत म्हणाला.

"मी बाहेर एक शब्द बोलणार नाही," माई म्हणाली. "तू मला वाढवलंयस, तुला चारचौघांत खाली बघायला लावणं माझ्याच्याने होणार नाही. पण मग ती टोपी आपल्या हाताने ह्यांच्या डोक्यावर घाल, आणि रोज सकाळी गाडीतून आत शिरताना ह्यांचा सलाम घे. बघ जमतंय का."

तिने जग भरला आणि बाहेर आली. दादा यायला बराच वेळ लागला. आला तेव्हा तो बसला नाही. त्याने खोक्यातली टोपी उचलली, फिरवून पाहिली. मग त्याने ती टोपी स्वतःच्याच डोक्यावर ठेवली. ती त्याला लहान होत होती.

"व्याहीबुवा, आता मी सांगतो ती गोष्ट जरा नीट ऐका. आधीची चुकीची होती."

"दादा, राहू द्या," फौजदार खिडकीजवळूनच म्हणाले.

"तुम्ही गप्प बसा हो. इतकी वर्षं बसलात, अजून थोडं बसा." दादाने घसा साफ केला. "ह्यांच्या जागी मला नेमलं होतं. मिशा बघून नेमलं असावं. हजर व्हायच्या आदल्या दिवशी घोडी बघायला गेलो. महाराणी म्हणायचे तिला. माझ्यासमोर तिने दाणा घालणाऱ्याच्या खांद्याचा लचका तोडला. मी तिथून जो निघालो तो मावशीच्या घरी जाऊन पांघरूण घेऊन पडलो."

कुणाला हसावं की नाही ते कळेना. शेवटी थोरली फुटलीच.

"हसा. मीही हसलो असतो. कारकुनाने काय केलं, हुकूम आला त्याच दिवशी ह्यांना सुटले म्हणून लिहिलं आणि मला हजर म्हणून. कागदावर घोडी माझ्याकडे. प्रत्यक्षात तिला चारापाणी, खरारा, धक्क्यावरची फेरी, सगळं हे करत होते. पगार नाही, नोंद नाही. मी आठवड्याने गेलो तेव्हा ह्यांनी मला काय म्हणावं? 'आलात, बरं झालं.' बस्स."

व्याही हळूहळू पुढे सरकले होते. डोळ्यांत अशी चमक आली होती, जी त्यांना नातवंडं बघतानाही येत नसे. "फौजदारसाहेब, तुम्ही थांबलात का? सुटल्याचा हुकूम हातात होता."

"लगाम दिला नव्हता," फौजदार म्हणाले, जणू ह्याहून उघड गोष्ट नसावी.

"म्हणजे?"

"घोडदळाचा नियम. येणाऱ्याच्या हातात लगाम द्यायचा, त्याने जनावर दहा पावलं चालवायचं, मग जाणारा सुटला. तोवर नाही. कागद काही का म्हणेना. जनावराला कागद वाचता येत नाही, असं आमचे जुने रिसालदार सांगायचे."

"हा नियम लिहिलेला आहे?"

"तबेल्याच्या दारावर रंगवलेला होता. दलाच्या आदेशांतही आहे."

व्याह्यांनी टेबलावर हात आपटला. पायरीवरचा पेला शेवटी उडालाच, पण दादामुळे नव्हे. "मग तुम्ही सुटलाच नव्हता. सुटल्याची तारीखच चुकीची आहे. मधे खंड कुठून आला? तुम्ही कामावर होता हो." ते सुनेला म्हणाले, "कागद आण. मेहुण्यांचं निवेदन हवं, सहीनिशी. आणि तबेल्यातला कुणी हयात आहे का?"

"घोड्यांना नाल ठोकायचा तो नालबंद आहे," फौजदार म्हणाले. "दर थंडीत त्याला भेटायला जातो."

"मंजूर होईलच असं मी म्हणणार नाही. मी आता खुर्चीत नाही. पण असतो तर डोळे मिटून सही केली असती, आणि मी डोळे मिटून कधी सही केली नाही." मग त्यांनी दादाकडे वळून जरा मऊपणाने सांगितलं, "घोडीला घाबरलो हे लिहायची गरज नाही. 'हजर होण्यास विलंब झाला' एवढं पुरे."

"नाही, लिहा," दादा म्हणाला. टोपी अजून डोक्यावरच होती. "घाबरलो म्हणूनच लिहा. एवढं चारचौघांत बोललोय, आता सरकारपासून काय लपवायचं."

फौजदार खिडकीपासून टेबलाशी आले. त्यांनी मेव्हण्याच्या डोक्यावरची टोपी काढली, त्याचे विस्कटलेले केस हाताने सारखे केले आणि त्याच्या ताटात बटाट्याची मोठी फोड वाढली. दादाला एकदम भरून आलं. तो खाली बघून जेवू लागला आणि पुढची पाच मिनिटं त्या घरात दादाचा आवाज आला नाही.

उन्हं कलली तेव्हा सगळे गेले. थोरलीने सासऱ्यांचा हात धरून त्यांना जिना उतरवला, म्हणजे चहा गरम मिळणार होता. धाकट्याने इस्त्रीचं टेबल जागेवर नेलं. माई भांडी घासत होती आणि फौजदार शेजारी उभे राहून ताटं पुसत होते, प्रत्येक ताट दोन्ही बाजूंनी.

"गोष्ट मोडली," ते थोड्या वेळाने म्हणाले. "तुला वाईट वाटलं असेल."

"मला कशाला? मला पहिल्यापासून माहीत होतं. तुम्ही दादाची चौकशी करायला येत होता. कोपरांना गवत असायचं."

त्यांचा पुसणारा हात थांबला. "तुला माहीत होतं?"

"हो. आणि मी रोज खोटं सांगायचे, कामावर गेलाय म्हणून. तुम्ही बिचारे खरं मानून परत जायचात. त्याचंच मला अजून वाईट वाटतं."

फौजदारांनी पुसलेलं ताट पुन्हा पुसायला घेतलं. कानांच्या पाळ्या थेट धाकट्यासारख्या लाल झाल्या होत्या.

"तो मावशीकडे आहे हे मला दुसऱ्याच दिवशी कळलं होतं," ते म्हणाले. "नालबंद त्याच गल्लीत राहायचा."

माईने नळ बंद केला. "मग पुढे रोज विचारायला कशाला येत होतात?"

त्यांनी ताट रचून ठेवलं, फडका पिळून दांडीवर वाळत घातला, त्याची टोकं जुळवली. मग दाराबाहेर एकदा पाहिलं, धाकटा ऐकत नाही ना ह्याची खात्री केली.

"हे मात्र व्याह्यांना सांगू नकोस," ते म्हणाले.